सही १९९७ ची, मंजुरी अजून बाकी

१३ जानेवारी २०२५ रोजी जेद्दाहमध्ये भारत आणि सौदी अरबच्या मंत्र्यांनी हज करारावर सह्या केल्या. भारताकडून अल्पसंख्याक कार्यमंत्री किरेन रिजिजू, सौदीकडून हज व उमरा मंत्री तौफीक अल-रबिया. फायलींची अदलाबदल झाली, फोटो निघाले. भारताचा कोटा ठरला १,७५,०२५. त्यातले १,२२,५१८ हाजी हज कमिटीमार्फत जाणार होते आणि उरलेले ५२,५०७ खासगी टूरवाल्यांमार्फत. मग एप्रिलमध्ये बातमी आली की खासगी कोट्यातल्या बहुतेक जागा हातच्या गेल्या. मिनामधले तंबू, राहण्याची सोय, वाहतूक यांचे करार आणि पैसे सौदीने दिलेल्या मुदतीत पूर्ण झाले नव्हते. सरकारने टूर कंपन्यांच्या दिरंगाईकडे बोट दाखवलं. सौदीने नंतर १०,००० जणांसाठी पोर्टल पुन्हा उघडलं. बाकी हजारो लोकांनी एहरामची कापडं घडी करून परत ठेवून दिली.

त्या दिवसांत अनेक घरांत एकच सवाल होता. दोन देशांच्या मंत्र्यांनी सही केली होती ना? मग?

हा सवाल फक्त हजपुरता नाही. देशांचे नेते किंवा त्यांचे प्रतिनिधी एखाद्या आंतरराष्ट्रीय करारावर सही करतात तेव्हा नेमकं काय होतं आणि काय होत नाही, हे समजून घेतलं तर रोजच्या बातम्यांकडे बघण्याची नजरच बदलते. आणि आपल्या देशाने १९९७ मध्ये केलेली एक सही अशी आहे की तिचा थेट संबंध आपल्या पोरांच्या जिवाशी येतो. तिच्याकडे यायचंच आहे. पण आधी सही म्हणजे काय ते बघू.

देशाच्या वतीने सही कोण करू शकतं? करारांच्या कायद्याबद्दल १९६९ मध्ये व्हिएन्ना इथे एक जागतिक करार झाला आणि तो १९८० मध्ये लागू झाला. त्यानुसार तीनच माणसं अशी आहेत ज्यांना कुठलंही अधिकारपत्र दाखवावं लागत नाही: राष्ट्रप्रमुख, पंतप्रधान म्हणजे सरकारप्रमुख, आणि परराष्ट्रमंत्री. बाकी सगळ्यांना, मग तो दुसऱ्या खात्याचा मंत्री असो, सचिव असो की राजदूत, आपल्या सरकारने सही करण्याचा अधिकार दिला आहे हे सिद्ध करावं लागतं. त्यासाठी जे पत्र असतं त्याला 'पूर्णाधिकारपत्र' म्हणतात. भारतात हे काम परराष्ट्र मंत्रालयाचा कायदा व करार विभाग बघतो. गंमत म्हणजे भारत स्वतः या व्हिएन्ना कराराचा सदस्य नाही, अमेरिकाही नाही. तरी त्यातले बरेचसे नियम सगळे देश रूढी म्हणून पाळतात.

सहीच्या टेबलावरही बारीक हिशेब असतो. द्विपक्षीय कराराच्या दोन मूळ प्रती असतात. भारताकडे राहणाऱ्या प्रतीत भारताचं नाव आधी, समोरच्या देशाच्या प्रतीत त्यांचं आधी. कुणी दुय्यम वाटू नये म्हणून ही शेकडो वर्षांची रीत आहे. भाषा दोन-तीन असतात, आणि अर्थावरून वाद झालाच तर कुठल्या भाषेतला मजकूर चालेल हेही बहुतेक वेळा आधीच लिहिलेलं असतं. त्याआधी वाटाघाटी करणारे अधिकारी मसुद्याच्या पानांवर नावाची आद्याक्षरं टाकतात, म्हणजे हाच मजकूर ठरला, आता यात शब्द बदलायचा नाही. नेते येतात ते त्यानंतर.

म्हणून फोटोवरून फसू नये. १३ सप्टेंबर १९९३ चा व्हाइट हाऊसच्या हिरवळीवरचा फोटो सगळ्या जगाने पाहिला. यासर अराफात आणि यित्झाक राबिन हात मिळवत आहेत, मागे बिल क्लिंटन हात पसरून उभे आहेत. ओस्लो करार म्हटला की हाच फोटो आठवतो. पण त्या कागदावर त्या दोघांपैकी एकाचीही सही नाही. इस्राएलकडून परराष्ट्रमंत्री शिमोन पेरेस यांनी सही केली, पॅलेस्टिनींकडून महमूद अब्बास यांनी. अमेरिका आणि रशियाच्या परराष्ट्रमंत्र्यांनी साक्षीदार म्हणून केली. शेवटच्या तासापर्यंत ओढाताण कशावर चालली होती, तर कागदावर पॅलेस्टिनी बाजूचं नाव काय लिहायचं यावर. 'पीएलओ' हे नाव घालायचं की नुसतं पॅलेस्टिनी प्रतिनिधी मंडळ म्हणायचं? नाव म्हणजे मान्यता.

हे वाचताना आपल्यापैकी अनेकांना हुदैबियाची आठवण आली असेल. हिजरी सन ६, म्हणजे इसवी सन ६२८. कुरैशकडून सुहैल बिन अम्र प्रतिनिधी म्हणून आले होते. हजरत अली (रजि.) लिहीत होते. 'अल्लाहचे रसूल मुहम्मद' असे शब्द येताच सुहैल यांनी हरकत घेतली की आम्ही तुम्हाला रसूल मानलं असतं तर भांडण कशाला असतं, तुमचं आणि तुमच्या वडिलांचं नाव लिहा. हजरत अलींचा हात ते शब्द पुसायला धजेना. प्रेषित मुहम्मद (सल्ल.) यांनी स्वतः ते पुसले आणि 'अब्दुल्लाहचे पुत्र मुहम्मद' असं लिहून घेतलं. सहाबांना ते किती जड गेलं हे सीरतच्या प्रत्येक पुस्तकात आहे.

त्याच बैठकीतला दुसरा प्रसंग आजच्या विषयाला जास्त जवळचा आहे. कागद अजून पूर्ण लिहूनही झाला नव्हता आणि सुहैल यांचाच मुलगा, अबू जंदल (रजि.), पायात बेड्या घेऊन मुसलमानांच्या छावणीत येऊन पडला. मक्केहून येणाऱ्याला परत पाठवायचं हे कलम तोंडी ठरलेलं होतं. प्रेषितांनी (सल्ल.) त्याला सोडण्याची विनंती केली, सुहैल अडून बसले, आणि दिलेल्या शब्दानुसार अबू जंदल यांना परत जावं लागलं. पुढे हेच कलम कुरैशला महाग पडलं आणि त्यांनी स्वतःहून ते काढून टाकायला सांगितलं, हा भाग वेगळा. मुद्दा असा की आपल्या परंपरेत शब्द ठरला तिथेच बंधन सुरू झालं, शाई वाळण्याची वाट पाहिली गेली नाही.

आजच्या आंतरराष्ट्रीय कायद्यात चित्र बरंच सैल आहे. मोठ्या बहुपक्षीय करारांत सही म्हणजे 'आम्हाला हे तत्त्वतः मान्य आहे, घरी विचारून सांगतो' एवढंच. साखरपुडा म्हणा हवं तर. निकाह नंतर होतो, त्याला 'अनुसमर्थन' म्हणतात. म्हणजे देश आपल्या घटनेप्रमाणे मंजुरी देतो, त्याचा दस्तऐवज संयुक्त राष्ट्रांकडे जमा करतो, आणि तिथून करार त्याच्यावर बंधनकारक होतो. मधल्या काळात देशावर एकच जबाबदारी असते: कराराचा हेतूच हाणून पडेल असं काही करू नये. आणि हा मधला काळ किती असावा याला बहुतेक करारांत मर्यादाच नाही.

अमेरिकेने या फटीचा उपयोग किती वेळा केला आहे! पहिल्या महायुद्धानंतर अध्यक्ष विल्सन यांनी स्वतः व्हर्सायच्या तहावर सही केली, त्यांच्याच सिनेटने तो फेटाळला. रोमच्या करारावर, ज्यातून आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय उभं राहिलं, क्लिंटन सरकारने ३१ डिसेंबर २००० रोजी, म्हणजे मुदतीच्या अगदी शेवटच्या दिवशी सही केली. इस्राएलनेही त्याच दिवशी केली. मे २००२ मध्ये बुश सरकारने संयुक्त राष्ट्रांना चिठ्ठी पाठवली की आमचा सदस्य होण्याचा इरादा नाही, सहीचं कुठलंही बंधन आमच्यावर धरू नये. त्याच वर्षी इस्राएलनेही तसंच कळवलं. इराणच्या अणुकराराची तर आणखी वेगळी गोष्ट. जुलै २०१५ च्या त्या कागदावर कुणीच सही केली नव्हती. ती फक्त राजकीय बांधिलकी होती, आणि मे २०१८ मध्ये ट्रम्प यांनी एका भाषणात ती मोडली.

आता आपल्या देशाकडे येऊ. अमेरिकेत सिनेटची दोन तृतीयांश मतं लागतात. भारतात करार करणं आणि त्याला मंजुरी देणं हे केंद्र सरकारचं, म्हणजे मंत्रिमंडळाचं काम आहे. संसदेची परवानगी घ्यावीच लागते असं नाही. आपल्या घटनेत करारांचा विषय केंद्राच्या यादीत टाकला आहे, पण करार संसदेपुढे ठेवलाच पाहिजे असा कायदा गेल्या ७५ वर्षांत झाला नाही. देशाची जमीन दुसऱ्याला द्यायची असेल तर घटनादुरुस्ती लागते, हे सुप्रीम कोर्टाने १९६० मध्ये बेरुबारीच्या प्रकरणात सांगितलं. नागरिकांचे हक्क किंवा देशातले कायदे बदलणार असतील तर कलम २५३ खाली संसदेला कायदा करावा लागतो. थोडक्यात, इच्छा असेल तर सरकार फार वेगाने पुढे जाऊ शकतं. इच्छा नसेल तर ते कुणाला उत्तरही देणं लागत नाही.

इच्छा असली की काय होतं त्याचं उदाहरण जागतिक व्यापार संघटनेचं. १५ एप्रिल १९९४ रोजी मोरोक्कोतल्या माराकेश शहरात त्या वेळचे वाणिज्यमंत्री प्रणव मुखर्जी यांनी सही केली. देशभर विरोध झाला, शेतकरी रस्त्यावर आले. तरी १ जानेवारी १९९५ पासून भारत सदस्य होता. आदल्या दिवशी, ३१ डिसेंबरला, पेटंट कायद्यात बदल करणारा अध्यादेशही निघाला. सहीपासून सदस्यत्वापर्यंत नऊ महिनेसुद्धा लागले नाहीत.

इच्छा नसली की काय होतं? १४ ऑक्टोबर १९९७. पंतप्रधान होते इंदरकुमार गुजराल. त्या दिवशी भारताने संयुक्त राष्ट्रांच्या छळविरोधी करारावर सही केली. हा करार १९८४ चा. पोलीस, लष्कर किंवा कुणीही सरकारी माणूस कबुलीजबाब काढण्यासाठी, शिक्षा म्हणून, दहशत बसवण्यासाठी माणसाला शारीरिक किंवा मानसिक यातना देत असेल तर तो गुन्हा ठरवा, त्याची चौकशी करा, छळ करून मिळवलेला जबाब पुरावा म्हणून वापरू नका, पीडिताला भरपाई द्या, आणि जिथे छळ होईल अशा देशात कुणाला पाठवू नका, असं त्यात लिहिलेलं आहे. ज्या सालात सही झाली त्याच्या आदल्याच वर्षी सुप्रीम कोर्टाने डी. के. बसू प्रकरणात अटकेचे नियम घालून दिले होते. वाटलं होतं की आता कायदा येईल.

त्या सहीला २८ वर्षं होऊन गेली. मंजुरी नाही. या काळात वाजपेयींचं सरकार आलं, मनमोहन सिंगांची दहा वर्षं झाली, मोदींची दहा वर्षं ओलांडली. एकाही पक्षाला या बाबतीत दुसऱ्याला नावं ठेवण्याचा अधिकार नाही.

बरोबर सांगायचं तर एकदा प्रयत्न झाला. मे २०१० मध्ये लोकसभेने छळ प्रतिबंधक विधेयक मंजूर केलं. ते इतकं पातळ होतं की पीडिताने सहा महिन्यांत तक्रार करावी आणि पोलिसावर खटला चालवायला आधी सरकारची परवानगी घ्यावी, अशा अटी त्यात होत्या. जो माणूस कोठडीत आहे तो सहा महिन्यांत तक्रार कुणाकडे करणार? राज्यसभेने ते निवड समितीकडे पाठवलं, समितीने चांगल्या सुधारणा सुचवल्या, आणि २०१४ मध्ये लोकसभा विसर्जित झाली तेव्हा विधेयकही गेलं. त्या समितीचे अध्यक्ष अश्वनी कुमार पुढे सुप्रीम कोर्टात गेले. ऑक्टोबर २०१७ मध्ये विधी आयोगाने आपल्या २७३ व्या अहवालात कराराला मंजुरी द्या असं सांगितलं आणि कायद्याचा मसुदाही जोडून दिला. सरकारने तो राज्यांच्या अभिप्रायासाठी पाठवला. २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की अमुक कायदा करा असा आदेश आम्ही संसदेला देऊ शकत नाही. फाईल परत जिथल्या तिथे.

सरकारचं म्हणणं काय? जिनिव्हात मानवाधिकार परिषदेच्या आढाव्यात भारताने मंजुरी देण्याची बांधिलकी पुन्हा पुन्हा सांगितली आहे. २०१७ मध्ये तर त्या वेळच्या ॲटर्नी जनरलनी छळ ही कल्पनाच आपल्या संस्कृतीला परकी आहे असं तिथे सांगितलं. देशात मात्र उत्तर असतं की आहेत ते कायदे पुरेसे आहेत. जबाब काढण्यासाठी मारहाण करणं आधीच्या दंड संहितेतही गुन्हा होता, आताच्या भारतीय न्याय संहितेतही आहे. हे खरं आहे. फक्त त्या कलमाखाली पोलिसाला कोर्टात उभं करायचं तर बहुतेक वेळा सरकारची परवानगी लागते, आणि गाडी तिथेच अडते.

ती कशी अडते हे महाराष्ट्रातल्या मुसलमानांना पुस्तकातून शिकावं लागत नाही. डिसेंबर २००२ मधल्या घाटकोपर स्फोटानंतर परभणीच्या एका तरुण इंजिनियरला अटक झाली. जानेवारीत पोलिसांनी सांगितलं की औरंगाबादकडे नेताना गाडीला अपघात झाला आणि तो पळाला. सीआयडीच्या तपासात तो कोठडीतच मेल्याचं पुढे आलं. ठपका १४ पोलिसांवर होता, खटल्याची परवानगी मिळाली चौघांविरुद्ध. त्याच्या आईने मुलाचं प्रेतही पाहिलं नाही, आणि खटला दोन दशकं रखडला.

११ जुलै २००६ च्या मुंबई लोकल स्फोटांत १८० हून अधिक निरपराध माणसं मेली. त्यांच्या घरच्यांना न्याय मिळायलाच हवा होता. २०१५ मध्ये विशेष कोर्टाने १२ जणांना दोषी ठरवलं, त्यातल्या पाचांना फाशी सुनावली. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सगळ्या बाराजणांना निर्दोष सोडलं. कबुलीजबाब छळ करून घेतले गेल्याचं दिसतं, ते पुरावा म्हणून चालणार नाहीत, असं न्यायालयाने म्हटलं. त्यातला एकजण तोपर्यंत तुरुंगातच वारला होता. राज्य सरकार सुप्रीम कोर्टात गेलं. सुप्रीम कोर्टाने हा निकाल दुसऱ्या खटल्यांत दाखला म्हणून वापरू नये असं सांगितलं, पण सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं नाही. एकोणीस वर्षं गेली ती गेली. आणि छळ करून जबाब लिहून घेतले की खरे गुन्हेगार मोकळे राहतात, हे त्या १८० घरांचंही नुकसान आहे, याकडे फार कमी लोक लक्ष देतात.

हा फक्त आपला प्रश्न आहे असंही समजू नये. डिसेंबर २०२४ मध्ये त्याच परभणीत संविधानाच्या प्रतिकृतीच्या विटंबनेनंतर जी धरपकड झाली, त्यात पकडलेला कायद्याचा एक दलित विद्यार्थी न्यायालयीन कोठडीत मेला. पोलिसांवर गुन्हा नोंदवा असा आदेश उच्च न्यायालयाला द्यावा लागला, तो जुलै २०२५ मध्ये. एकाच शहरातली दोन घरं, दोन धर्म, मध्ये बावीस वर्षं.

या करारात नसल्याचं नुकसान सरकारलाही होतं. पुरुलियात विमानातून शस्त्रं टाकल्याच्या प्रकरणातला आरोपी डेन्मार्कने २०११ मध्ये दिला नाही, फेब्रुवारी २०२५ मध्ये लंडनच्या उच्च न्यायालयाने शस्त्रदलाल संजय भंडारीला दिलं नाही. दोन्ही वेळा एक कारण समान होतं: भारतातल्या कोठडीत छळाचा धोका. आर्थिक गुन्हेगार परत आणण्याची भाषणं आपण ऐकतो, त्या भाषणांत हा मुद्दा येत नाही.

मंजुरी दिली तरी सगळं बदलत नाही, हेही कबूल केलं पाहिजे. या करारात १७० हून अधिक देश आहेत. पाकिस्तान आहे, बांगलादेश आहे, इजिप्त आहे, असदच्या काळातला सीरियाही होता, आणि तिथल्या तुरुंगांचे हाल जगाने पाहिले. पण फरक बघा. सीरिया सदस्य होता म्हणूनच कॅनडा आणि नेदरलँड्स त्याला हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात खेचू शकले आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये छळ थांबवण्याचा अंतरिम आदेश निघाला. सदस्य देशाला ठरावीक काळाने अहवाल द्यावा लागतो, तज्ज्ञांच्या समितीसमोर प्रश्नांना उत्तरं द्यावी लागतात. नुसती सही करून बसलेल्या देशाला यातलं काही लागू नाही. पॅलेस्टाईनला अजून स्वतःच्या सीमांवर ताबा नाही. १ एप्रिल २०१४ रोजी महमूद अब्बास यांनी टीव्हीच्या कॅमेऱ्यांसमोर एका बैठकीत १५ करारांत सामील होण्याच्या अर्जांवर सह्या केल्या, त्यात हा छळविरोधी करार होता. पुढच्या वर्षी ते रोमच्या करारातही गेले, आणि पुढे नोव्हेंबर २०२४ मध्ये नेतान्याहूंविरुद्ध जे वॉरंट निघालं त्याचा पाया त्याच सदस्यत्वात आहे.

एक बारकावा अजून आहे, आणि तो बातम्यांत कधीच येत नाही. मंजुरी देताना देश 'हे अमुक कलम आम्हाला लागू नाही' अशी अट घालू शकतो. रोहिंग्यांच्या बाबतीत याचा प्रत्यय आला. लाखो रोहिंग्या बांगलादेशात आले, पण म्यानमारविरुद्ध हेगला गेला तो आफ्रिकेतला छोटासा गाम्बिया, ओआयसीच्या पाठिंब्याने. त्यामागचं एक मोठं कारण असं की वंशसंहारविरोधी करारात सामील होताना बांगलादेशाने आंतरराष्ट्रीय न्यायालयाच्या कलमावर अट घातलेली आहे. गाम्बियाने घातली नव्हती. भारताचीही त्याच कलमावर अट आहे. भारताने तो करार १९५९ मध्ये मंजूर केला, पण वंशसंहाराला वेगळा गुन्हा ठरवणारा देशी कायदा आजपर्यंत झालेला नाही.

भारताची आणखी एक अट तर थेट सुटलेल्या निरपराधांच्या खिशाशी जोडलेली आहे. १९७९ मध्ये भारत नागरी व राजकीय हक्कांच्या करारात सामील झाला. बेकायदा अटक झालेल्याला भरपाईचा हक्क असावा असं त्यात कलम आहे. भारताने तिथे लिहून दिलं की आमच्या कायद्यात सरकारकडून अशी भरपाई मागण्याचा हक्क नाही. पुढे सुप्रीम कोर्टाने काही प्रकरणांत भरपाई देऊन ही भूमिका बरीच पोकळ केली. अट मात्र कागदावर तशीच आहे, आणि उमेदीची वर्षं तुरुंगात घालवून सुटलेला माणूस भरपाईसाठी कायद्याच्या कुठल्या दाराने आत जाईल हे आजही स्पष्ट नाही.

जानेवारीत जेद्दाहमधल्या हज कराराचा फोटो मोबाईलवर आला की त्याखाली मुबारकबाद लिहिण्याबरोबर पैसे भरण्याची आणि तंबूंच्या कराराची मुदत कुठली, ती टूरवाल्याने पाळली का, हे विचारायला हरकत नाही. छळविरोधी कराराच्या बाबतीत विचारायचं ठिकाण वेगळं आहे. पोलीस हा राज्याचा विषय असल्याने विधी आयोगाचा मसुदा सगळ्या राज्यांना पाठवला होता, असं केंद्राने सांगितलं आहे. म्हणजे तो मुंबईत मंत्रालयातही आला असणार. महाराष्ट्र सरकारने त्यावर काय अभिप्राय कळवला, की काहीच कळवला नाही, हे विधानसभेत तारांकित प्रश्नाने किंवा माहितीच्या अधिकारात दहा रुपयांच्या अर्जाने गृह विभागाला विचारता येतं. मतं मागायला आपल्या मोहल्ल्यात येणाऱ्या आमदारांपैकी कुणीतरी पुढच्या अधिवेशनात हा प्रश्न टाकायला तयार आहे का, एवढं तरी त्यांना विचारून बघा.